रंग सुकेपर्यंतचा वेळ : एका प्रदर्शनाच्या तयारीचा प्रकरण अभ्यास

कोल्हापुरातील एका चित्रकर्तीच्या प्रदर्शनाची तयारी फेब्रुवारी ते नोव्हेंबर या काळात कशी झाली, कुठे अडली आणि शेवटी कोणत्या स्वरूपात पार पडली, याची ही नोंद आहे. त्यांच्या संमतीने ती लिहिली असून ओळख पटेल असे तपशील बदलले किंवा गाळले आहेत. त्यांना मी त्यांच्या विद्यार्थिदशेपासून ओळखतो आणि या काळातील दोन निर्णयांच्या वेळी त्यांनी मला विचारले होते. त्यामुळे ही नोंद पूर्णपणे तटस्थ माणसाने केलेली नाही. त्यांपैकी एका वेळी माझा सल्ला चुकला, तेही पुढे येईलच.

पार्श्वभूमी

चित्रकर्तीचे वय त्या वेळी सेहेचाळीस होते. एका माध्यमिक शाळेत त्या कलाशिक्षिका आहेत. सकाळची शाळा, दुपारी साडेबाराच्या सुमारास घरी, जेवण, आणि त्यानंतर जुन्या घराच्या माडीवरील स्टुडिओत तीन-चार तास, असा त्यांचा दिनक्रम गेली पंधरा वर्षे होता. शाळेत जाताना-येताना त्या रंकाळ्याच्या काठाने पंचवीस मिनिटे चालत. रिक्षा सहज मिळत असूनही त्या चालतच जात, आणि यामागे त्यांनी कधी काही विशेष कारण सांगितले नव्हते.

माध्यम तैलरंग. तैलरंगाचे वाळणे इतर रंगांसारखे नसते, आणि या प्रकरणात त्याला महत्त्व असल्यामुळे ते थोडे सविस्तर सांगतो. जलरंग किंवा अ‍ॅक्रिलिकमधील पाणी उडून जाते आणि रंग वाळतो. तैलरंगातले तेल मात्र उडून जात नाही, ते हवेतला प्राणवायू शोषून हळूहळू घट्ट होत जाते. पातळ थराला काही दिवस लागतात, जाड थराला आठवडे किंवा महिनेही लागू शकतात. अंबरसारखे मातकट रंग लवकर वाळतात, तर आयव्हरी ब्लॅक आणि टायटॅनियम व्हाइट रेंगाळतात. दमट हवेत सगळेच आणखी लांबते, आणि कोल्हापूरचा पावसाळा कसा असतो हे वेगळे सांगायला नको. शिवाय वरच्या थरात खालच्यापेक्षा तेल जास्त असावे लागते, नाहीतर पुढे चित्राला तडे जातात. थोडक्यात, तैलरंगात काम करणाऱ्याला थांबावेच लागते, आणि किती थांबायचे हे बऱ्याच अंशी रंग ठरवतो.

या थांबण्याच्या दिवसांत चित्रकर्ती काय करीत? काहीच नाही. माडीवर खिडकीजवळ वेताची एक जुनी खुर्ची आहे, तिच्यात त्या चित्रासमोर बसत. चहाचा कप थंड होऊन त्यावर साय धरे. घरात या प्रकाराला ‘बसणे’ असे नावच पडले होते. “आई कुठंय?” असे कोणी विचारले तर मुलगा सांगे, “माडीवर बसलीये.” एरवी त्यांच्या हातून वर्षाला साधारण आठ चित्रे पूर्ण होत. त्या स्वतः याला आळस म्हणत आणि त्याबद्दल थोड्या ओशाळलेल्याही असत.

अडचण

फेब्रुवारीत मुंबईतील एका खासगी कलादालनाने त्यांना नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यासाठी एकल प्रदर्शनाचे निमंत्रण दिले. अट वीस चित्रांची होती. कॅटलॉगसाठी सर्व चित्रांची छायाचित्रे ३० सप्टेंबरपर्यंत पोहोचणे आवश्यक होते. गावाकडच्या, चाळिशी ओलांडलेल्या आणि ओळखीपाळखी नसलेल्या चित्रकाराला असे निमंत्रण येणे ही लहान गोष्ट नव्हे. मुंबईतील नावाजलेल्या सार्वजनिक दालनांसाठी अर्ज करून वर्षानुवर्षे वाट पाहणारे अनेक जण त्यांच्या परिचयाचे होते.

हाती पूर्ण झालेली चित्रे पाच होती. नेहमीच्या गतीने मार्च ते सप्टेंबर या सात महिन्यांत आणखी पाच झाली असती. वीसमधून दहा वजा केले तर दहा चित्रांची तूट स्पष्ट दिसत होती. चित्रकर्तीने हा हिशेब एका वहीच्या मागच्या पानावर केला होता. ते पान मी नंतर पाहिले. त्यात थर, कॅनव्हास, रंगाच्या नळ्या, फ्रेमचा खर्च, टेम्पोचे भाडे, सगळे मांडलेले होते. समोर बसून पाहण्याच्या वेळेला मात्र त्या हिशेबात कुठेच जागा नव्हती, आणि ती नाही हे तेव्हा कोणाच्याच लक्षात आले नाही.

विचारात घेतलेले पर्याय

पहिला पर्याय मुदत वाढवून मागण्याचा होता. दालनाकडे पुढची मोकळी तारीख चौदा महिन्यांनंतरची होती आणि तीही नक्की नव्हती. हा पर्याय त्यांनी एका दिवसात सोडून दिला. संधी पुन्हा येईल याची खात्री नसलेल्या माणसाने तसे करणे मला आजही समजण्यासारखे वाटते.

दुसरा पर्याय कमी चित्रे लावू देण्याची विनंती करण्याचा होता. ही विनंती त्यांनी केलीच नाही. “पहिल्याच फोनला रडगाणं कशाला,” असे त्यांचे म्हणणे होते. या प्रकरणातील सर्वांत महत्त्वाचा निर्णयबिंदू माझ्या मते हाच होता, कारण विचारण्यासाठी काही खर्च येणार नव्हता आणि न विचारण्याची किंमत पुढचे सहा महिने मोजावी लागली.

तिसरा पर्याय जुनी चित्रे काढून वीसची संख्या भरण्याचा. सात-आठ वर्षांपूर्वीची काही चित्रे घरी होती, पण त्यांची जात वेगळी होती आणि ती शेजारी लावल्यास नवी चित्रे उपरी वाटली असती.

चौथा पर्याय माध्यमच बदलण्याचा होता. खालचे सर्व थर अ‍ॅक्रिलिकमध्ये करायचे आणि वरचे एक-दोन थर तेवढे तैलरंगात, तेही अल्किड माध्यम (तैलरंग लवकर वाळवणारे मिश्रण) मिसळून द्यायचे. कोल्हापूरच्या उन्हाळ्यात अ‍ॅक्रिलिकचा पातळ थर चहा होईपर्यंत वाळतो आणि अल्किड मिसळलेला पातळ तैलथर साधारण एका दिवसात हाताला कोरडा लागतो. तंत्राच्या दृष्टीने यात चूक काहीच नाही. अ‍ॅक्रिलिकवर तैलरंग बसतो, उलटे केले तर मात्र टिकत नाही.

चौथा पर्याय निवडण्यापूर्वी त्यांनी मला फोन केला. “सर, सहा आठवड्यांचं काम सहा दिवसांत होतंय. करू ना?” असे त्यांनी विचारले आणि मी, “कर, तुला जमेल,” एवढेच म्हणालो. मी तंत्राचा विचार केला होता. त्या सहा आठवड्यांत नेमके काय घडत असे, याचा विचार मी केला नव्हता.

केलेली कार्यवाही

मार्चमध्ये दहावीच्या परीक्षेच्या पर्यवेक्षणाची पाळी त्यांनी एका सहकारी शिक्षिकेशी बदलून घेतली. मे महिन्याची सुटी पूर्ण स्टुडिओत घालवली. १५ जूनपासून सप्टेंबरअखेरपर्यंत बिनपगारी रजा घेतली. कागदावर पाहता या काळात त्यांना पूर्वीपेक्षा जवळजवळ दुप्पट वेळ मिळत होता.

घरातही एक बदल झाला, आणि तो मला फार बोलका वाटतो. पूर्वी त्या खुर्चीत बसलेल्या असत तेव्हा खालून सासूबाईंची हाक हमखास येत असे. मेथी निवडायची, गॅसवाला आलाय, पाहुण्यांना चहा टाकायचाय, असे काहीही कारण असे. हाताला काम नसलेली सून मोकळीच आहे असे समजण्यात सासूबाईंचा दुष्टावा नव्हता. रिकाम्या न्हाव्याने भिंतीला तुंबड्या लावल्याची म्हण ज्या भाषेत आहे, त्या भाषेतले घर खुर्चीतल्या माणसाला कामात धरणार तरी कसे? नव्या पद्धतीत मात्र हातात सतत कुंचला असे, एका कॅनव्हासवरचा थर वाळेपर्यंत दुसऱ्या कॅनव्हासवर काम चाले, आणि घराने या श्रमाचा पूर्ण मान ठेवला. सासूबाई स्वतः जिना चढून चहा आणून देऊ लागल्या. चित्रकर्तीला वाटले, आपल्याला आयुष्यात पहिल्यांदाच खरा मोकळा वेळ मिळाला आहे.

जुलैच्या मध्यापर्यंत नऊ नवी चित्रे तयार झाली. जुनी पाच धरून चौदा.

१८ जुलैला मी त्यांच्याकडे गेलो. पाऊस लागलेला होता, माडीच्या कौलांवर त्याचा एकसारखा आवाज चालला होता आणि खोलीत ओल, जवसाचे तेल व टर्पेंटाइन यांचा मिळून एक वास भरला होता. नऊ कॅनव्हास भिंतीशी ओळीने टेकवलेले होते. प्रत्येक चित्र सुटे पाहिले तर चांगले होते, हात सराईत होता, रंगांचे वजन नेमके होते. पण ओळीने पाहताना सातव्या चित्रापाशी मी परत फिरलो आणि पुन्हा पहिल्यापासून पाहू लागलो. नऊपैकी सात चित्रांत डाव्या खालच्या कोपऱ्यातून उजवीकडे वर जाणारा तोच एक तिरपा पट्टा होता. एकदा गेरूचा, एकदा राखाडी, एकदा हिरवट, पण पट्टा तोच आणि त्याचा कोनही जवळपास तोच.

मी काही बोललो नाही, नुसता उभा राहिलो. काही वेळाने त्याच म्हणाल्या, “सर, हे मला दिसलं कसं नाही?”

त्याच दुपारी दुसरी गोष्ट घडली. फ्रेम करणारे मिस्त्री मापे घ्यायला आले होते. एका चित्रावर वरचा तैलथर घाईत जरा जाड पडला होता आणि त्यावर प्लॅस्टिकचा कागद घालून ते दुसऱ्या चित्राला पाठ लावून ठेवलेले होते. मिस्त्रींनी कागद उचलला तेव्हा चिकटलेला रंग तारेसारखा ताणला गेला आणि सुटताना बारीक आवाज झाला. आभाळाच्या जागी बोटाएवढा पांढरा कॅनव्हास उघडा पडला. मिस्त्री कागदाकडे आणि चित्राकडे आळीपाळीने पाहत म्हणाले, “ताई, हे अजून ओलंच हाय की वो. एवढी गडबड कशाची?”

थांबण्याचा निर्णय

त्या रात्री चित्रकर्तीपुढे दोन मार्ग होते. आहे त्याच गतीने आणखी सहा चित्रे करून वीसचा आकडा गाठायचा, किंवा काम थांबवून काय बिघडले ते शोधायचे. पहिल्या मार्गात प्रदर्शन ठरल्याप्रमाणे झाले असते आणि बहुधा कोणीही तक्रार केली नसती. हे मुद्दाम लिहितो, कारण थांबणे हाच एकमेव शहाणपणाचा मार्ग होता असा आव मला आणायचा नाही.

२१ जुलैला त्यांनी दालनाला फोन करून वस्तुस्थिती सांगितली. संचालक नाराज झाले, पण निमंत्रण मागे घेतले नाही. कॅनव्हास किमान दहा आणि उरलेल्या भिंतीसाठी कागदावरील कोळशाची व शाईची रेखाटने, असे ठरले. फेब्रुवारीत ज्या फोनची भीती वाटली होती तो अकरा मिनिटांत संपला.

२२ जुलै ते ११ ऑगस्ट असे एकवीस दिवस कुंचल्याला हात लावायचा नाही, असे त्यांनी ठरवले. सर्व चित्रे भिंतीकडे तोंड करून ठेवली. रोज एकच चित्र वळवायचे, तीन ते पाच खुर्चीत बसायचे, मोबाइल खाली स्वयंपाकघरात ठेवायचा. वहीत तारीख आणि कोणते चित्र, एवढीच नोंद.

पहिले चार दिवस त्या खुर्चीत झोपल्या. वहीत तसे प्रामाणिकपणे लिहिलेले आहे. पाचव्या-सहाव्या दिवशी बसवेना, म्हणून रंगांच्या नळ्या रंगांनुसार लावल्या, खिडकीच्या गजांवरची बुरशी पुसली. त्यानंतरचे तीन-चार दिवस नुसते कंटाळ्याचे होते. अकराव्या दिवशी एप्रिलमधील एक चित्र समोर असताना त्यांना उजव्या खालच्या कोपऱ्यात हाताच्या पंजाएवढा राखाडी भाग दिसला. तिथे घाईत दुसरा थर द्यायचा राहून गेला होता आणि खालचे अ‍ॅक्रिलिक तसेच उघडे होते. पाण्यावर ढग आल्यावर रंकाळा क्षणभर दिसेनासा होतो, तो रंग तिथे होता. सात चित्रांतल्या तिरप्या पट्ट्यातून त्या जे पकडू पाहत होत्या ते त्या चुकून सुटलेल्या कोपऱ्यात होते, असे त्यांचे म्हणणे. मला ते चित्र पाहून पटले. पट्टा हे त्यांच्या हाताला पाठ झालेले उत्तर होते आणि कोणी मध्ये थांबवले नाही म्हणून हात ते पुन्हा पुन्हा लिहीत राहिला.

याच दिवसांत त्या आणखी एका निष्कर्षाला आल्या आणि या नोंदीतला सर्वांत उपयोगी भाग मला तो वाटतो. माध्यम बदलल्यामुळे थर वाळण्याचा वेळ गेला, हे उघड होते. पण रजेमुळे रंकाळ्याकाठचे रोजचे चालणेही गेले होते. आणि मार्चमध्ये बदलून घेतलेली पर्यवेक्षणाची पाळी? परीक्षेच्या वर्गात तीन तास वाचता येत नाही, मोबाइल चालत नाही, बोलता येत नाही, नुसते बाकांमधून फिरायचे आणि मान वर करणाऱ्या मुलाकडे पाहायचे. गेल्या काही वर्षांतील दोन चांगल्या चित्रांची कल्पना त्यांना अशा वर्गांतच सुचली होती, हे त्यांना खुर्चीत बसल्यावर आठवले. चित्रासाठी वेळ काढायचा म्हणून त्यांनी ज्या तीन गोष्टी आयुष्यातून काढल्या, त्या तिन्ही रिकामपणाच्या जागा होत्या. उरलेला वेळ मोठा होता, पण तो सगळा कामाचा होता.

चित्रकारांच्या बोलण्यात अशा वेळी वासुदेव गायतोंडे यांचे नाव निघतेच. वर्षाला जेमतेम पाच-सहा चित्रे करणारा आणि बराचसा काळ चित्राची वाट पाहण्यात घालवणारा चित्रकार म्हणून ते प्रसिद्ध आहेत. कोल्हापुरात त्याच भावनेने रंकाळा आणि कोटितीर्थाच्या काठी बसून चित्रे काढणाऱ्या आबालाल रहिमान यांचे नाव घेतले जाते. दाखले खरे आहेत, पण ते जपून वापरावेत असे मला वाटते. गायतोंडे दिल्लीत एकटे राहत. आबालाल यांना शाहू महाराजांचा आश्रय मिळाला होता. दोघांनाही खालून मेथी निवडायला हाक येत नव्हती. रिकामा वेळ चित्रकाराला हवा, हे म्हणणे सोपे आहे. तो कोणाच्या पगारातून आणि कोणाच्या श्रमातून काढायचा, हे प्रत्येक घरात वेगळे ठरते. या प्रकरणात तो साडेतीन महिन्यांच्या बुडालेल्या पगारातून निघाला.

परिणाम

नऊ नव्या चित्रांपैकी पाच प्रदर्शनातून काढून टाकली. फाटक्या आभाळाच्या चित्रासह चार चित्रांवर तैलरंगात पुन्हा काम केले. ऑगस्टच्या मध्यापासून दोन संपूर्ण नवी चित्रे सुरू केली. पावसाळ्यात ती वाळावीत म्हणून खालच्या थरांत अंबरचा आधार घेतला आणि थर पातळ ठेवले. छायाचित्रांच्या वेळी त्यांतले एक बोटाला किंचित चिकटत होते, पण ऑक्टोबरच्या उन्हाने ते काम पूर्ण केले. दालनात अकरा कॅनव्हास आणि दहा रेखाटने लागली.

तीन कॅनव्हास आणि चार रेखाटने विकली गेली. विकल्या गेलेल्यांपैकी दोन कॅनव्हास पूर्वीचे होते आणि एक दुरुस्त केलेले. एकवीस दिवसांच्या थांबण्यातून आलेली जी दोन चित्रे मला सर्वांत चांगली वाटतात, त्यांची कोणी चौकशीही केली नाही. फ्रेम, वाहतूक आणि बुडालेला पगार धरता व्यवहार तोट्यात गेला. दालनाकडून पुन्हा निमंत्रण अद्याप आलेले नाही.

सुधारणेचे सगळे श्रेय त्या एकवीस दिवसांना द्यावे का, याविषयी माझ्या मनात शंका आहे. पट्टा दिसला तो १८ जुलैला, बाहेरचा माणूस खोलीत उभा असताना. कदाचित दुसऱ्या कोणी आधी येऊन पाहिले असते तरी तेवढ्याने काम झाले असते. मात्र राखाडी कोपरा मला दिसला नव्हता. मी तेच चित्र दोनदा पाहिले होते.

वेगळे काय करता आले असते

फेब्रुवारीतच दालनाला दहा-बारा चित्रांबद्दल विचारायला हवे होते. हिशेब करताना प्रत्येक चित्रामागे पाहण्याचे दिवस वेगळ्या रकान्यात धरायला हवे होते. ते धरले असते तर वीसचा आकडा अशक्य आहे हे पहिल्याच संध्याकाळी दिसले असते. माध्यम बदलायचेच होते तर दोन चित्रे तरी जुन्या पद्धतीने तैलरंगात चालू ठेवायला हवी होती, म्हणजे ती वाळेपर्यंत थांबणे आपोआप भाग पडले असते. पूर्ण रजेऐवजी अर्ध्या दिवसाची सवलत मागता आली असती आणि चालणे टिकले असते. आणि मार्चच्या फोनवर मी “जमेल” म्हणण्यापूर्वी, सहा आठवडे वाचवून त्यांचे करणार काय, एवढे विचारायला हवे होते.

एक गोष्ट सुटलेली नाही, ती म्हणजे खालची हाक. तीन ते पाच कोणी हाक मारू नये असे सांगून पाहिले, ते आठवडाभर टिकले. जानेवारीत मी पुन्हा माडीवर गेलो तेव्हा तीन तैलचित्रे वाळत होती आणि चित्रकर्ती खुर्चीत होत्या. खालून सासूबाईंनी हाक मारली आणि जिन्यावर पावले वाजली. चित्रकर्तीने शेजारच्या बरणीतला एक कोरडा कुंचला उचलून हातात धरला. सासूबाईंनी दारातून डोकावून पाहिले, “चालू दे गं, चालू दे,” म्हणाल्या आणि उतरून गेल्या. कुंचला तसाच हातात होता, आणि समोरच्या चित्राला वाळायला अजून चार-पाच दिवस होते.